‘चार्ज’ ओळखायचा कसा? ग्वाल्हेरला नव्याने आलेल्या मराठी माणसांसाठी

नोकरी, शिक्षण किंवा लग्नाच्या निमित्ताने महाराष्ट्रातून ग्वाल्हेरला आलेल्या माणसाला घर लावायच्या दिवसांतच ‘चार्ज’ हा शब्द चहूकडून ऐकू येतो. घरमालक विजेच्या चार्जबद्दल सांगतो. ऑफिसात मागच्या माणसाकडून चार्ज घ्यायचा असतो. पेपरात कुणावर तरी चार्जशीट दाखल झालेली असते, जेएएचमधून, म्हणजे इथल्या जयारोग्य रुग्णालयातून, शेजारच्या काकूंना डिस्चार्ज मिळालेला असतो आणि गल्लीत ई-रिक्षा चार्जिंगला लावलेली असते. शब्द एकच, पण प्रत्येक ठिकाणी त्याचं काम वेगळं. त्यातून या प्रत्येक अर्थासाठी इथल्या सरकारी हिंदीत निराळा शब्द आहे आणि तो आपल्या मराठी शब्दाशी जुळेलच असं नाही. एका ठिकाणी तर अक्षरं तीच असून मराठीत एक अर्थ आणि हिंदीत दुसराच अर्थ निघतो. कोर्टाच्या कागदावर तो फरक कळला नाही, तर माणूस खटल्याआधी सुटला की खटला लढून सुटला हेच समजत नाही.

म्हणून हा लेख. यातले अर्थ पाठ करू नका. शब्दाच्या मुळाशी काय आहे ते एकदा धरा, मग वाक्यात पुढे कोणता छोटा शब्द आलाय तो पाहा. एवढ्यावर बहुतेक वाक्यं उलगडतात.

पहिली पायरी : भार कोण टाकतंय आणि कोणावर, ते शोधा

लॅटिनमध्ये ‘कारुस’ म्हणजे गाडी. त्यावरून गाडीत माल भरणे या अर्थाचं क्रियापद आलं, ते जुन्या फ्रेंचमधून इंग्रजीत ‘चार्ज’ झालं. ‘कार्गो’, ‘कॅरी’ आणि ‘कार’ ही त्याच घरातली भावंडं. म्हणजे मूळ अर्थ आहे भार लादणे किंवा भरणे. पैशाचा भार टाकला की शुल्क, कामाचा टाकला की जबाबदारी, गुन्ह्याचा टाकला की आरोप, जमिनीवर कर्जाचा टाकला की बोजा, बॅटरीत वीज भरली की चार्जिंग. मराठीतही आपण कार्यभार म्हणतो, पदभार म्हणतो, सातबाऱ्यावर बोजा चढवला म्हणतो. या शब्दाचा विचार आपल्याला परका नाही. परकी आहे ती त्याची वाक्यातली वागणूक.

इंग्रजी वाक्य समोर आलं की स्वतःला विचारा : भार टाकणारा कोण, ज्याच्यावर पडला तो कोण, आणि भार कशाचा? तिन्ही उत्तरं वाक्यात सापडली तर शब्दकोश उघडायची गरज बहुधा पडत नाही.

दुसरी पायरी : पैशाचा चार्ज

हा सगळ्यांत सोपा. इथे क्रियापदानंतर थेट माणूस येतो, मग रक्कम, मग ‘फॉर’. ‘दे चार्ज्ड मी फिफ्टी रुपीज फॉर पार्किंग’ म्हणजे पार्किंगचे माझ्याकडून पन्नास रुपये घेतले. आपल्याकडे अनेक जण ‘फ्रॉम मी’ म्हणतात, कारण मराठीत ‘माझ्याकडून’ असतं. इंग्रजीत तो ‘फ्रॉम’ नको. रक्कम कोणाच्या खात्यावर लिहायची ते सांगायचं असेल तर ‘टू’ येतो, जसं हॉटेलात जेवणाचं बिल ‘चार्ज इट टू द रूम’. फुकट असेल तर ‘फ्री ऑफ चार्ज’.

शाळेची आणि वकिलाची ती फी, प्रवासाचं ते फेअर, नियम मोडल्याचा तो फाइन. चार्ज मुख्यतः सेवेचा किंवा वापराचा.

आता विजेचं बिल. महाराष्ट्रातल्या बिलावर तुम्ही ‘स्थिर आकार’, ‘वीज आकार’, ‘वहन आकार’ वाचत आलात. इथे मध्य क्षेत्र विद्युत वितरण कंपनीचं बिल हिंदीत येतं, त्यावर ‘नियत प्रभार’ आणि ‘ऊर्जा प्रभार’ असतं. नियत प्रभार म्हणजे फिक्स्ड चार्ज, घर महिनाभर कुलूपबंद असलं तरी लागणारा. ऊर्जा प्रभार म्हणजे जाळलेल्या युनिटांचे पैसे. ‘विद्युत शुल्क’ ही तिसरी ओळ सरकारच्या कराची. भाड्याने घर घेताना घरमालकाला आधीच विचारा की ‘लाइट का चार्ज’ म्हणजे सबमीटरच्या युनिटांवर की ठरावीक रक्कम. दोन्ही पद्धती चालतात, आणि नंतरचा वाद बहुतेक वेळा हे आधी न बोलल्यानेच होतो.

हॉटेलातल्या सर्व्हिस चार्जबद्दलही सांगायला हवं. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ४ जुलै २०२२ रोजी मार्गदर्शक तत्त्वं काढली : हॉटेलने तो बिलात आपोआप जोडायचा नाही, वेगळ्या नावानेही नाही, देणं न देणं गिऱ्हाइकाच्या मर्जीवर. दिल्ली उच्च न्यायालयाने मार्च २०२५ मध्ये ही तत्त्वं कायम ठेवली. बिलावर ती ओळ दिसली तर शांतपणे काढायला सांगा. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. जीएसटी हा सर्व्हिस चार्ज नव्हे, तो द्यावाच लागतो.

तिसरी पायरी : जबाबदारीचा चार्ज

ग्वाल्हेर हे कार्यालयांचं गाव आहे. महालेखाकार कार्यालय इथे, राजस्व मंडळ इथे, परिवहन आयुक्त आणि आबकारी आयुक्तही इथेच. त्यामुळे ‘चार्ज देणे-घेणे’ हे लष्कर नावाच्या इथल्या वस्तीतल्या घराघरांतलं बोलणं आहे. हिंदीत त्याला ‘प्रभार’ म्हणतात. मराठीत जो ‘अतिरिक्त कार्यभार’ तो इथे ‘अतिरिक्त प्रभार’. पोलीस ठाण्याचा प्रमुख ‘थाना प्रभारी’, बोलीत टीआय, म्हणजे टाउन इन्स्पेक्टर. पुण्यात तुम्ही ज्यांना पीआय साहेब म्हणत होता, त्यांना इथे टीआय साहेब म्हणा.

इंग्रजीत एक जागा फार फसवी आहे. ‘द नर्स इज इन चार्ज ऑफ द पेशंट’ म्हणजे नर्सवर रुग्णाची जबाबदारी आहे. ‘द पेशंट इज इन द चार्ज ऑफ द नर्स’ म्हणजे रुग्ण नर्सच्या देखरेखीखाली आहे. मध्ये एक ‘द’ आला आणि सांभाळणारा कोण, सांभाळला जाणारा कोण याची अदलाबदल झाली. स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मुलांनी या जोडीची पाच-दहा वाक्यं स्वतः लिहून पाहावीत. वाचून हे पक्कं होत नाही, लिहून होतं.

‘टेक चार्ज’ म्हणजे हाती घेणं, ‘हँड ओव्हर चार्ज’ म्हणजे सोपवणं, ‘रिलिंक्विश’ म्हणजे पद सोडणं. सरकारी चार्ज रिपोर्टवर तारखेपुढे ‘पूर्वाह्न’ किंवा ‘अपराह्न’ लिहावं लागतं, इंग्रजी फॉर्मवर ‘फोरनून’ किंवा ‘आफ्टरनून’. नवीन माणसं हे कोरं सोडतात. सोडू नका. दुपारनंतर रुजू झालात तर पगाराचा हिशेब दुसऱ्या दिवसापासून धरतात. आणि सामानाची, फायलींची यादी मोजल्याशिवाय सही करू नका, कारण सही झाली की त्या यादीतल्या प्रत्येक वस्तूचा भार तुमच्यावर आला.

चौथी पायरी : आरोपाचा चार्ज. इथे सावकाश वाचा

गुन्ह्याचा भार टाकायचा असेल तर ‘विथ’ येतो : ‘ही वॉज चार्ज्ड विथ थेफ्ट’. याच अर्थाच्या ‘अक्यूज’ या क्रियापदाला मात्र ‘ऑफ’ लागतो : ‘अक्यूज्ड ऑफ थेफ्ट’. ही दोन कायम उलटसुलट होतात, म्हणून एकाखाली एक लिहून ठेवा. ‘विथ’ची आणखी एक खोच आहे. ‘शी वॉज चार्ज्ड विथ द ड्राफ्टिंग ऑफ द रिपोर्ट’ यात बाईंवर कसलाही आरोप नाही, अहवाल लिहायचं काम त्यांच्याकडे दिलंय. विथनंतर गुन्हा आलाय की काम, ते पाहा.

बातमी वाचताना टप्पे ओळखा. आधी एफआयआर. भारतातली इंग्रजी वर्तमानपत्रं त्यासाठी ‘बुक्ड’ लिहितात. मग तपास संपल्यावर पोलीस न्यायालयात अहवाल देतात, ती चार्जशीट. त्यानंतर न्यायालय कागद पाहून आरोप निश्चित करतं, तेव्हा ‘चार्जेस फ्रेम्ड’ असं छापून येतं. केवळ एफआयआर झालेल्या माणसाबद्दल ‘चार्ज्ड’ लिहिणं किंवा बोलणं चूक आहे, आणि त्या माणसावर अन्यायही.

चार्जशीटला आपण मराठीत दोषारोपपत्र म्हणतो. इथल्या बोलण्यात आणि हिंदी वर्तमानपत्रांत तिला ‘चालान’ म्हणतात. ‘पुलिस ने चालान पेश किया’ हे वाचून महाराष्ट्रातून आलेल्या माणसाच्या डोळ्यांसमोर हेल्मेट न घातल्याचा दंड किंवा बँकेत भरायची पावती येते. ते इथेही चालानच, पण न्यायालयात पेश होणारं चालान म्हणजे संपूर्ण आरोपपत्र. पूर्वी हा अहवाल दंड प्रक्रिया संहितेच्या कलम १७३ खाली होता, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९३ खाली. आरोपी कोठडीत असेल तर मुदत महत्त्वाची : मृत्युदंड, जन्मठेप किंवा १० वर्षं वा त्याहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यांत ९० दिवस, बाकींत ६० दिवस. तेवढ्यात चालान पेश झालं नाही तर जामीन मागण्याचा हक्क मिळतो. कुणाच्या घरी अशी वेळ आली असेल तर ‘चालान झालं का’ हा प्रश्न केवढा मोठा आहे, ते यावरून कळेल.

आता सुरुवातीला म्हटलेला तो शब्द : ‘दोषमुक्त’. आरोप निश्चित करण्याइतकाही आधार नाही असं दिसलं, की न्यायालय खटला चालवण्याआधीच आरोपीला सोडतं. इंग्रजीत हा ‘डिस्चार्ज’. खटला चालून गुन्हा शाबीत झाला नाही तर ‘अक्विटल’. मराठी बातम्यांत डिस्चार्जला दोषमुक्ती आणि अक्विटलला निर्दोष मुक्तता म्हणतात. हिंदी कायद्यात मात्र डिस्चार्जला ‘उन्मोचन’ म्हणतात आणि ‘दोषमुक्ति’ म्हणजे अक्विटल! जिल्हा न्यायालयातला कागद हिंदीत असतो. त्यावर ‘दोषमुक्त’ वाचून मराठी अर्थ लावलात तर सगळा प्रवास चुकीचा समजेल. अशा वेळी वकिलांना थेट इंग्रजी शब्द विचारा, डिस्चार्ज की अक्विटल. याच एका जागी मी इंग्रजीचा आधार घ्या असं आग्रहाने सांगेन.

कार्यालयातही चार्जशीट मिळते, ती शिस्तभंगाची. तिला हिंदीत ‘आरोप पत्र’ म्हणतात. केंद्रीय कर्मचाऱ्यांना १९६५ चे आणि मध्य प्रदेश शासनाच्या कर्मचाऱ्यांना १९६६ चे वर्गीकरण, नियंत्रण व अपील नियम लागू होतात. तिचा पोलिसांशी संबंध असेलच असं नाही. घरी कुणाला मिळाली तर घाबरून कोपऱ्यात ठेवू नका, दिलेल्या मुदतीत लेखी उत्तर द्यायचं असतं.

पाचवी पायरी : ‘ऑन’ आला की मालमत्ता किंवा तिजोरी पाहा

‘चार्ज ऑन’ हा अर्थ इंग्रजीच्या वर्गात फारसा शिकवत नाहीत, आणि ग्वाल्हेरात तर तो पदोपदी लागतो. कर्जासाठी मालमत्ता अडकवली की तिच्यावर चार्ज येतो. मालकी तुमचीच राहते, पण देणं त्या मालमत्तेतून वसूल करण्याचा हक्क सावकाराला मिळतो. मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ च्या कलम १०० मध्ये त्याची व्याख्या आहे. आपला सातबाऱ्यावरचा ‘बोजा’ तो हाच. इथे सातबारा नाही, खसरा-खतौनी आहे. जमीन किंवा फ्लॅट घेताना विकणाऱ्याला ‘इस पर कोई भार या बंधक तो नहीं?’ असं विचारा आणि नोंदी स्वतः पाहा. तोंडी उत्तरावर पैसे देऊ नका.

कंपनीने मालमत्तेवर कर्ज काढलं तर तो चार्ज कंपनी निबंधकाकडे नोंदवावा लागतो. कंपनी कायदा, २०१३ च्या कलम ७७ नुसार मूळ मुदत ३० दिवसांची. मध्य प्रदेशाचं कंपनी निबंधक कार्यालय इंदूर-भोपाळात नसून ग्वाल्हेरात आहे, त्यामुळे वाणिज्य शाखेच्या मुलांना इथल्या सनदी लेखापालांकडे काम शिकताना हा चार्ज पहिल्याच आठवड्यात भेटू शकतो. तिथे ‘चार्ज सॅटिस्फाइड’ असं लिहिलेलं दिसलं तर कुणी समाधानी झालं असं समजू नका. कर्ज फिटलं, बोजा उतरला, एवढाच त्याचा अर्थ.

दुसरी जागा म्हणजे महालेखाकार कार्यालय. तिथल्या कागदांवर खर्चाचे दोन रकाने असतात, ‘चार्ज्ड’ आणि ‘व्होटेड’. मराठी अर्थसंकल्पात ‘भारित’ आणि ‘दत्तमत’. राज्यघटनेच्या अनुच्छेद २०२ मध्ये काही खर्च राज्याच्या एकत्रित निधीवर भारित ठरवले आहेत : राज्यपालांचं वेतन, विधानसभेच्या अध्यक्ष-उपाध्यक्षांचं वेतन, उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांचं वेतन, सरकारी कर्जाचं व्याज, न्यायालयाच्या हुकूमनाम्याची रक्कम. अनुच्छेद २०३ सांगतो की यांवर विधानसभेत चर्चा होऊ शकते, मतदान नाही. न्यायाधीशाने सरकारविरुद्ध निकाल दिला म्हणून त्याचा पगार मतदानाने अडवता येऊ नये, ही त्यामागची काळजी. मला या शब्दाच्या सगळ्या अर्थांत हा सर्वांत मोलाचा वाटतो. न्यायालयाचं स्वातंत्र्य हिशेबाच्या एका रकान्यातही जपलं जातं, हे इथल्या लेखा विभागात रुजू होणाऱ्या प्रत्येक मुलाला पहिल्या दिवशी कुणीतरी समजावून सांगायला हवं.

सहावी पायरी : भरण्याचा चार्ज

बॅटरी, भट्टी, सुरुंग. इथे भार म्हणजे आत भरलेली गोष्ट. मालनपूर किंवा बानमोरच्या कारखान्यात लागलात आणि फोरमन ‘चार्ज डालो’ म्हणाला तर तो भट्टीत घालायच्या मालाबद्दल बोलतोय. खाणीत चार्ज म्हणजे भोकात ठासलेली दारू. तिथे हा शब्द ऐकला की लांब उभं राहायचं.

भौतिकशास्त्राच्या वर्गात मुलांची एक अडचण होते. महाराष्ट्रातल्या पुस्तकात ‘विद्युत प्रभार’ शिकलेलं मूल इथे हिंदी माध्यमात गेलं की त्याला ‘आवेश’ शिकवतात. मराठीत आवेश म्हणजे त्वेष, आणि ज्या ‘प्रभार’ने ते इलेक्ट्रॉन शिकलं तो इथे विजेच्या बिलावर आणि बदलीच्या आदेशात दिसतो. मुलाला वहीच्या पहिल्या पानावर तीन रकाने आखून द्या : चार्ज, प्रभार, आवेश. इलेक्ट्रॉनवरचा १.६०२ × १०⁻¹⁹ कुलोम हा आकडा कोणत्याही भाषेत तोच राहतो. धन आणि ऋण ही नावं अठराव्या शतकात बेंजामिन फ्रँकलिनने रूढ केली. वीज साठवणाऱ्या काचेच्या बरण्यांच्या संचाला ‘बॅटरी’ म्हणणाराही तोच.

सातवी पायरी : चालून जाण्याचा चार्ज

‘ॲट’ दिसला, किंवा क्रियापदापुढे काहीच नसून सैन्य, जमाव, बैल असा कर्ता दिसला, तर अर्थ वेगाने चालून जाणे. शस्त्र भरणे, रोखणे या अर्थावरून शब्द इथवर आला असं कोशकार मानतात. लाठीचार्ज आपल्याला ठाऊक आहेच. इंग्लंडात त्यालाच ‘बॅटन चार्ज’ म्हणतात.

फूलबागेत राणी लक्ष्मीबाईंची समाधी आहे. नव्याने आलेला प्रत्येक मराठी माणूस तिथे जातो, आणि जावंच. १७ जून १८५८ रोजी ग्वाल्हेरजवळ कोटा-की-सराय इथे जी लढाई झाली, तिच्या इंग्रजी वर्णनात ‘द चार्ज ऑफ द एट्थ हुसार्स’ असं वाचायला मिळेल. ही तीच घोडदळाची पलटण, जी २५ ऑक्टोबर १८५४ ला क्रिमियातल्या बालाक्लाव्हाच्या प्रसिद्ध हल्ल्यात होती. ग्वाल्हेरच्या हल्ल्यासाठी तिच्यातल्या चौघांना व्हिक्टोरिया क्रॉस दिला गेला. ज्या हल्ल्याचा त्यांनी असा गौरव केला, तो आपल्या बाजूने राणीच्या शेवटच्या लढाईचा दिवस आहे. इंग्रजी पुस्तक वाचताना हे ध्यानात असू द्या.

याच वाक्यावरून ‘ऑफ’चा घोळही समजून घ्या. ‘अ चार्ज ऑफ फिफ्टी रुपीज’ यात ऑफनंतर रक्कम, ‘अ चार्ज ऑफ थेफ्ट’ यात गुन्हा, ‘द चार्ज ऑफ द हुसार्स’ यात हल्ला करणारे, ‘इन चार्ज ऑफ स्टोअर्स’ यात सांभाळायची वस्तू. ‘विथ’ आणि ‘ॲट’ बऱ्यापैकी खात्रीचे आहेत, ‘ऑफ’वर एकट्यावर विसंबू नका. त्याच्यापुढचं नाम पाहा.

आठवी पायरी : ‘डिस्’ लागला की भार उतरला

बॅटरी उतरली, कर्ज फिटलं, सैनिक सेवेतून मोकळा झाला, आरोपी खटल्याआधी सुटला, रुग्ण घरी निघाला : सगळीकडे डिस्चार्जच. अपवाद ‘डिस्चार्ज ड्यूटीज’चा. त्यात कर्तव्य टाळलं असं नाही, पार पाडलं असा अर्थ आहे. नोकरीच्या दाखल्यावर हे वाक्य आलं तर ती तुमची स्तुती आहे.

दवाखान्यात दोन गोष्टी सांभाळा. इथे डिस्चार्जला सगळे ‘छुट्टी’ म्हणतात. ‘कल छुट्टी कर देंगे’ म्हणजे उद्या घरी सोडतील. निघताना महाराष्ट्रात ज्याला डिस्चार्ज कार्ड म्हणतात तो कागद मागून घ्या, त्यावर औषधं आणि पुन्हा दाखवायची तारीख आहे ना ते तिथेच वाचा. डॉक्टर नको म्हणत असताना रुग्णाला घेऊन निघालात, तर ‘डिस्चार्ज अगेन्स्ट मेडिकल ॲडव्हाइस’ अशा कागदावर सही घेतात. पुढे काही झालं तर तो निर्णय तुमचा होता असं तो कागद सांगतो. विम्याचे पैसे मागताना त्यावर प्रश्न विचारले जाऊ शकतात, म्हणून वाचूनच सही करा.

दुसरी गोष्ट, तपासणीच्या इंग्रजी फॉर्मवर ‘एनी डिस्चार्ज?’ असा प्रश्न असेल तर तो आधी कोणत्या दवाखान्यातून सुटलात याबद्दल नाही. जखमेतून, कानातून, डोळ्यांतून किंवा अंगावरून काही स्राव जातोय का, असं विचारलंय. बायका संकोचाने इथे ‘नाही’वर खूण करून मोकळ्या होतात. तसं करू नका. डॉक्टरांना हिंदीत सांगायचं तर ‘पानी जाता है’ किंवा ‘मवाद आता है’ एवढं पुरतं. किती दिवसांपासून, रंग कसा, वास आहे का, हेही सांगा. निदान त्यावरच ठरतं.